यंदा दगड कुणी लावले?

उजवा काठ

दुपारचा एक वाजून गेलाय आणि ओढ्यातलं पोकलेन थांबलंय. सकाळपासून त्याची घरघर भिंतीतून येत होती. आता ती नाही, तर कान रिकामे वाटतायत. चालक जेवायला बसला असेल. बसाप्पा नाव त्याचं, विजापूरकडचा. जेवल्यावर झाडाखाली आडवा होतो, तीनला परत सुरू करतो, असं सकाळी त्यानंच सांगितलं.

मी मधल्या घरात फरशीवर पडलेय. उशी घेतलेली नाही, उजवा हात गालाखाली आहे. न्हाणीघरात कपड्यांचं मशीन फिरतंय. ते मुलानं पुण्याहून पाठवलं. एकट्या बाईच्या धुण्याला मशीन कशाला, पण आहे. आत दोन साड्या आणि एक चादर. खळखळ करतं, थांबतं, उलटं फिरतं, पुन्हा खळखळ.

मी अजून जागी आहे. सकाळी केलं ते मनात पुन्हा करून बघतेय. शेताच्या कडेला उभी राहिले. बसाप्पाला बोट करून माझा धुण्याचा दगड दाखवला. म्हटलं, रस्त्याच्या मोरीपासून खाली खोदत या, पण त्या दगडाच्या वीस पावलं वर थांबायचं. त्याच्या खाली खोदायचं नाही. तो म्हणाला, "हो आक्का."

कारण दगडापासून दहा पावलं वर, डाव्या काठाच्या पोटात, झिरा आहे. चैत्रात ओढा सगळीकडे आटतो, झिऱ्याखाली आटत नाही. उंबर, वाळुंज, केतकीचं बेट, खेकडे, मळे मासे, सगळं त्या एका बोटभर धारेवर उन्हाळा काढतं. खोलीकरण अख्ख्या ओढ्याचं ठरलं होतं, मोरीपासून थेट नदीपर्यंत. ग्रामसभेत मी एकटी उठले. अंगणवाडीत शिकवायचे तेव्हाच्या उरलेल्या वहीत नकाशा काढून नेला होता. लोक हसले, पण सरपंच म्हणाले, "ठीकंय काकू, तुम्ही दाखवाल तिथं थांबवू."

म्हणजे झिरा राहतो की जातो, हे माझ्या बोटावर होतं.

बोट मी नीट दाखवलं. काठावरची निर्गुडी काल साफ केलीय, उंबरही तोडलाय, त्यामुळे ओढा ओळखू येत नव्हता. पण दगड ओळखला. पांढऱ्या गारेची रेघ असलेला तो एकच आहे.

खळखळ. थांबलं. उलटं फिरलं.

फरशी गार आहे. फरशी ओली आहे.


डावा काठ

पलीकडे गजरा वन्सं बसल्यात.

माझ्या मालकांची थोरली बहीण. तरुणपणी सासरहून परत आल्या त्या कायमच्या. मालक गेल्यावर घरात आम्ही दोघी राहिलो. गेल्या श्रावणात त्याही गेल्या. आता साडी गुडघ्यापर्यंत खोचून, पाय पाण्यात सोडून बसल्यात, जशा रोज बसायच्या.

ओढ्याचा डावा-उजवा काठ ठरवायचा तर पाणी वाहतं त्या बाजूला तोंड करायचं, हे मी त्यांना शिकवलं होतं. त्यांनी ते कधी मानलं नाही. माझा डावा हात तिकडं डावा, मग मी कुटं का तोंड करंना, असं म्हणायच्या.

"आलीस व्हय?" त्या म्हणतात. "नळाला पाणी नसंल आज."

"आहे की. मशीन लावलंय."

"आन ते मशीन वाळत बी घालतं?"

"नाही. ते मी घालते."

"मग निम्मंच काम करतंय म्हन की. तुज्यासारकंच."

मला हसू येतं, पण हसण्याचा आवाज येत नाही. त्या ओल्या साडीचं टोक ओढ्यावरून माझ्याकडे फेकतात. मी झेलते. हे आम्ही एकतीस वर्षं केलंय. दोघींनी आपापल्या उजवीकडे पिळायचं, म्हणजे मधे पीळ बसतो. साडी आखडत जाते, दोरखंड होते, मधोमध पाणी गळतं. पाण्यावरच्या निवळ्या पांगतात आणि परत जमतात. एक धोबी पक्षी शेपटी हलवत दगडावरून दगडावर जातो.

"घट धर."

"धरलंय."

"कुटं धरलंयस? हाताला जोरच न्हाई. आता कोन धरतं तुजं दुसरं टोक?"

मी साडीचं टोक मनगटाला आणखी एक वेढा देऊन धरते.

"घरात कोन कोन असतं?" त्या विचारतात.

"मी."

"आनि?"

"मीच."

"बरं हाय. भाजीला कोन नाव ठेवत नसंल."


मधलं पाणी

ओढा स्वयंपाकघरातून जातो. ओट्याखालून येतो, फडताळाच्या कडेनं वळतो आणि मागच्या दारानं बाहेर पडतो. मला त्यात काही चुकीचं वाटत नाही. गॅसच्या शेगडीखाली लव्हाळा उगवलाय. पिठाच्या डब्यावर खेकडा बसलाय, दोन्ही नांग्या वर करून. वन्सं त्याला उलथण्यानं बाजूला सारतात आणि भाकरी थापायला बसतात.

"खेकड्यानं बीळ कुटं केलंय बघ," त्या म्हणतात. "बीळ हाय तितं वल हाय. तुज्या वहीत हे हाय का?"

"खेकडे लिहिलेत."

"खेकडे लिवलेस. बीळ लिवलंस का?"

वही माझ्या मांडीवर आहे. मी रकाने वाचते.

झाडं: उंबर (होता). वाळुंज दोन. करंज. केतकी. निर्गुडी (होती).
मासे: मळे. झिंगे. वांब, एकदा.
पक्षी: खंड्या. धोबी. पाणकोंबडी.
माणसं:

माणसं हा रकाना मी आखलेला नाही. अक्षर माझंच आहे, पण रकाना मोकळा आहे.

"तितं काय लिवायचं?" वन्सं वाकून बघतात. त्यांना वाचता येत नव्हतं, आता येतंय. "पंचवीस घरच्या बाया यायच्या हितं. पंचवीस दगड हुते. आता कितीजनी येत्यात?"

"कुणी येत नाही वन्सं. घरोघरी नळ आलेत."

"तू?"

वहीची पानं भिजत चाललीत.

"मी पण नाही," मी म्हणते. "तुम्ही गेल्यापासून एकदाही नाही."

त्या भाकरी उलटतात. भाकरी तव्यावर नाही, पाण्यावर आहे, आणि तरी फुगते.


डावा काठ, पण दवाखाना

लांब बोळ. बोळात घोट्याएवढं पाणी. भिंतीला लागून लोखंडी खाटा, सगळ्या रिकाम्या, एकीवर वन्सं. नाकात नळी. श्रावणातला शनिवार असावा, कारण बाहेर कुणीतरी शेंगदाणे खातंय आणि मला उपास आहे.

इथं काय होणार ते मला माहीत आहे. त्या विचारणार आहेत, आणि त्या विचारतात.

"लीले. वड्याला पानी हाय का?"

"आहे."

तेव्हाही मी हेच म्हटलं होतं. बघितलेलं नव्हतं. पंधरा दिवस मी ओढ्याकडे फिरकलेच नव्हते. दवाखाना ते घर, घर ते दवाखाना. पावसाचे दिवस होते, पाणी असणारच होतं, तरी न बघता बोलले. त्यांनी मान हलवली होती आणि डोळे मिटले होते. त्यानंतर बोलल्या नाहीत.

आता त्या डोळे मिटत नाहीत.

"बघून सांग," म्हणतात.

"वन्सं, मी..."

"आगं रडतीस काय. आता बघून सांग. घाई न्हाई मला."

धोबी पक्षी बोळातल्या पाण्यात शेपटी हलवत चाललाय. मी त्याच्या मागून चालते. बोळ संपतो तिथं विहीर आहे.


विहीर

ही त्यांच्या सासरची. मी ती कधी पाहिलेली नाही, फक्त ऐकलीय. दगडी कठडा, उंच रहाट, आत वाकून बघितलं तर तळ कोरडा. आतल्या भिंतीवर रंग थरानं दिसतात. वर मुरूम, त्याखाली वीतभर लाल गेरू, त्याखाली काळा कातळ. लाल थराला एक मोठं भगदाड पडलंय.

वन्सं माझ्या शेजारी आहेत. अठरा वर्षांच्या. हातात हिरवा चुडा.

"मी लगीन करून आले तवा पुरुषभर पानी हुतं," त्या म्हणतात. "गेरूवर अडायचं न्हवं का पानी. गेरू म्हंजी तळाला सारवल्यागत असतो, पानी खाली जाऊ देत न्हाई. तर सासऱ्याच्या मनात आलं, आनखी दोन हात खनू, आनखी लागंल. सुरुंग लावला. गेरू फुटला. एका रातीत पानी खाली गेलं, ते गेलंच."

"आणि तुम्हाला म्हणाले..."

"पांढऱ्या पायाची." त्या हसतात. दात अठरा वर्षांचे, हसू सत्तरीचं. "सुरुंग त्यांनी लावला आन पाय माजे पांढरे. आनून सोडलं हितं बापाच्या दारात. लई वर्सं मलाबी वाटायचं, आसतील बाई माजेच पाय तसले. मग येक दिवस झिऱ्यात हात घातला. तळाला तांबडी माती लागली. तवा कळलं, हितं बी तसंच हाय. वरनं मुरतं, गेरूवर अडतं, आन आडवं भाईर येतं. त्यापुढं कुनाला तितं पहार लावू दिली न्हाई."

"मला कधी सांगितलं नाहीत."

"तू कवा इचारलंस? तू डावा-उजवा शिकवत हुतीस."

आम्ही दोघी कठड्यावर वाकलोय. खालून वारा येतो, कोरडा. कुठल्याही विहिरीतून इतका कोरडा वारा येऊ नये.

"वन्सं, झिरा वाचतोय," मी म्हणते. मला ते त्यांना द्यायचंच होतं, कधीपासून. "पोकलेन आलंय ओढ्यात, पण झिरा वाचतोय. ग्रामसभेत मी भांडले. आज सकाळी दाखवून दिलं, इथं थांबा म्हणून."

"तू भांडलीस?"

"हो."

"उभी राहून?"

"उभी राहून."

त्या माझ्याकडे बघत राहतात. एवढ्या वर्षांत त्यांनी माझं कौतुक केलेलं नाही, आताही करत नाहीत. पण माझा पदर सरकलाय तो खांद्यावर नीट करतात.

"आन कुटं थांबा म्हनलीस? खून काय दिलीस?"

"माझा दगड. रेघेचा. त्याच्या वीस पावलं वर."

त्यांचा हात खांद्यावरच थांबतो.

"लीले," त्या म्हणतात. "यंदा दगड कुनी लावले?"


उजवा काठ

दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी दगड लावायचे असतात. ही आमच्या गावची रीत, दुसऱ्या कुठल्या गावात असेल तर मला माहीत नाही. भाद्रपदाचा पूर धुण्याचे दगड लोटून खाली नेतो. कुणाचा पाच पावलं, कुणाचा पन्नास. पूर ओसरला की घरोघरच्या बाया पहारी घेऊन उतरतात, आपापला दगड शोधतात आणि लोटत, उलथत जागेवर आणतात. जागा ठरलेल्या. सगळे दगड झिऱ्याच्या खाली, पहिला दगड बरोबर दहा पावलांवर, म्हणजे साबणाचं पाणी प्यायच्या पाण्यात जात नाही. पहिला दगड आमचा. वन्संनी लावलेला.

श्रावणात वन्सं गेल्या. भाद्रपदात पूर आला. दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी मी घरी होते. नव्या मशीनचा नळ जोडायला माणूस आला होता.

"कुणी नाही लावले," मी म्हणते.

"मग तू त्या मानसाला काय दाखवलंस?"

मी दगड दाखवला. दगड खरा होता. रेघ खरी होती. दगड पुरानं खाली लोटून टाकलेल्या जागी पडला होता, आणि त्या जागेच्या वीस पावलं वर म्हणजे झिरा ओलांडून खाली. मी झिरा खोदायला लावलाय. ग्रामसभेत उभी राहून, भांडून, बोट करून, मी त्याला नेमका तो खोदायला लावलाय.

मला उठायचंय. फरशी माझ्या अंगाखाली आहे, मला ती जाणवतेय, पण तिच्यावर वाळू साचलीय आणि पाय वाळूत रुतलेत. मी हाक मारते. आवाज निघत नाही. किती वाजले कळत नाही, कारण ओढ्यात घड्याळ नाही.

"वन्सं, मला उठवा."

"उटून काय करशील? उंबर तोडला, निर्गुडी काडली. झिरा कुटं हाय ते तुला घावंल का?"

"वीस पावलं..."

"कशापासनं वीस?"

मी वळून रेघेच्या दगडाकडे बघते.

"दगडापासनं मोजू नगं," त्या म्हणतात. आवाज शांत, धुणं वाळत घालताना असायचा तसा. "दगड सरकतो."

"मग कशापासून मोजू?"

"माज्यापासनं मोज. मी आता कुटं सरकतीया?"

आणि त्या हसतात, पोट धरून, आपल्याच विनोदावर, जशा हसायच्या. हसता हसता काठावरून पाण्यात उतरतात. मधे येतात. जिवंत होत्या तेव्हा त्यांना गुडघेदुखीमुळे मधे येता येत नसे.


मधलं पाणी

त्या माझं मनगट धरतात. उजवं. त्यांचा हात पाण्याइतकाच उबदार आहे, ना जास्त ना कमी.

"डोळं मीट. बघू नगं, बघून फसतीस तू."

हात पाण्यात जातो.

"कसं हाय?"

"कोमट."

आम्ही एक पाऊल वर सरकतो.

"आता?"

"कोमट."

वर. बोटांना वाळू, मग बारीक गोटे, मग शेवाळ. चैत्रातलं ओढ्याचं पाणी दुपारी असतं तसं, आंघोळीला काढून ठेवल्यासारखं.

"कोमटच आहे वन्सं. सगळीकडं कोमट आहे."

"धीर धर की जरा. मरानाची घाई."

आणखी वर, आणखी डावीकडे. माझा डावा की त्यांचा, मी विचारत नाही. काठाखाली एक कपार आहे, त्या माझा हात तिच्यात घालतात. मनगटापर्यंत. आत काहीतरी गार बोटांवरून जातं. थांबत नाही, जातच राहतं. इतकं गार की हाडाला कळतं. मी बोटं खाली रोवते. खाली मऊ आहे, चिकट, साबणासारखं गुळगुळीत.

"हा गेरू," वन्सं म्हणतात. "नखं लावू नगं. नुसता हात ठेव."

मी नुसता हात ठेवते.

कितीतरी वेळ आम्ही तशाच बसतो. वरून वाळुंजाची पानं पडतात, लांबट, एकेक. एक खंड्या समोरून सरळ रेषेत जातो. असंच आम्ही कित्येक दुपारी बसलोय, धुणं संपल्यावर, वर जायचा कंटाळा म्हणून, आणि त्या दुपारी काही विशेष आहेत असं मला कधी वाटलं नव्हतं.

"वन्सं," मी म्हणते, "पाणी आहे."

"बगितलंस?"

"हात लावलाय."

"हां," त्या म्हणतात. "आता बरोबर."

मनगटावरची पकड सैल होते. मी डोळे उघडायच्या आत विचारते, अजून थोडं बसता येईल का. दूर कुठेतरी तीनदा शिट्टी वाजते.


उजवा काठ

कपड्यांचं मशीन संपलंय, त्याची शिट्टी.

फरशी कोरडी आहे. माझा गाल ओला आहे. मी रडले असेन असं वाटतं, पण डोळे कोरडे आहेत. ओल हाताची आहे.

उजवा हात डोळ्यांसमोर धरते. बोटांची टोकं पांढरी पडलीत, सुरकुतलीत, एकेक घडी वेगळी दिसतेय. तळहात फुगलाय. मनगटापर्यंत असा, आणि मनगटावर जशी रेघ आखावी तिथून पुढे कातडी रोजची. डावा हात शेजारी धरून बघते. तो कोरडा, साधा. आठ महिन्यांत मी इतका वेळ पाण्यात हात ठेवलेला नाही.

घड्याळात पावणेतीन. आणि भिंतीतून घरघर सुरू होते. बसाप्पा लवकर उठलाय.

सरपंचांना फोन लावते. वाजतो, वाजतो, उचलत नाहीत. बसाप्पाचा नंबर माझ्याकडे नाही. ओढा घरापासून सात मिनिटांवर आहे, धावलं तर चार. सुरकुतलेली बोटं किती वेळात सरळ होतात, ते मला माहीत नाही. कधी लक्षच दिलं नाही. दोघी बोलत वर यायचो, उंबरठ्यापर्यंत ती आपोआप सरळ झालेली असायची.

झिरा कुठं आहे ते आता या हातालाच ठाऊक आहे. तो वाळू नये म्हणून मी पदरात गुंडाळते, घट्ट. चपला शोधत नाही. अंगणातून ओरडायला सुरुवात करते, "बसाप्पा, थांबा! दगड सरकलाय! थांबा!" इथून त्याला ऐकू जाणार नाही. तरी पळता पळता ओरडते, आणि हात पदरातून बाहेर काढत नाही.